दिनविशेष : १ नोव्हेंबर
१९३५ : साहित्यसमीक्षक एडवर्ड सईद यांचा जेरुसलेममध्ये जन्म झाला. पाश्चात्त्यांनी रंगवलेली पूर्वेची प्रतिमा साम्राज्यसत्तेला कशी पोषक ठरली, याची चिकित्सा त्यांनी ‘ओरिएंटॅलिझम’ (१९७८) या ग्रंथात केली. ‘कल्चर अँड इम्पिरिअ‍ॅलिझम’ (१९९३) मध्ये त्यांनी जेन ऑस्टेन यांच्या ‘मॅन्सफील्ड पार्क’मधील घराण्याचे वैभव अँटिग्वातील मळ्यांवर पोसलेले असल्याकडे लक्ष वेधले, तर किपलिंग यांच्या लोकप्रिय ‘किम’चे कलागुण मान्य करूनही त्या कादंबरीला ब्रिटिश सत्ता व भारतीय जनता यांच्यातील संघर्ष दिसत नाही, हे दाखवले. सत्ताधारी आणि अंकित समाजांचे इतिहास जोडीने वाचण्याच्या या पद्धतीसाठी त्यांनी पाश्चात्त्य संगीतातील ‘काउंटरपॉइंट’, म्हणजे स्वतंत्र सुरावटींची गुंफण, ही संज्ञा योजली. कोणतीही संस्कृती एकजिनसी नसते, हे त्यांचे प्रतिपादन होते.