जंगलपट्टीतील तरुण

बंडखोर तरुण म्हटला की केस वाढविलेला, घरदार सोडलेला हिप्पी आपल्या डोळ्यांपुढे उभा राहतो. 1968 साली पॅरिसचे विद्यार्थी रस्त्यावर आले, हिप्पी गोव्याच्या किनाऱ्यावर उतरू लागले. हे सारे आपणांस ठाऊक आहे. त्याच सुमारास आपल्याच पालघर तालुक्यात उठलेले बंड मात्र कितीजणांच्या कानी आले असेल?

ऑक्टोबर 1969 मध्ये तारापूरला अणुशक्तीपासून वीज निर्माण होऊ लागली. तेथून पूर्वेला, मनोरकडच्या जंगलपट्टीत, अजून 'लग्नगडी' राबत होता. आदिवासी तरुणाने लग्नापुरते पैसे सावकाराकडून उचलायचे आणि फिटेपर्यंत बायकोसह त्याच्याकडे कष्टायचे, असा हा रिवाज. ते फिटणार कसे? वही सावकाराची, अक्षर सावकाराचे! सायमिंग्टन या अधिकाऱ्याने 1939 च्या अहवालात ही वेठ सरकारदप्तरी नोंदविली होती. 1945 साली डहाणू-उंबरगावकडे गोदावरी परुळेकर आणि किसान सभेने तिच्यावर मोठा घाव घातला. तरीही तिची मुळे उरलीच.

1970 साली समाजवाद्यांनी भूमिमुक्तीचा सत्याग्रह पुकारला. तुरुंगात गेलेल्यांत काळूराम धोदडे हे आदिवासी तरुण होते. सत्याग्रह आटोपला, पुढारी परतले, जमीन होती तेथेच राहिली. तेव्हा या तरुणांनी स्वतःची भूमिसेना उभारली आणि बळकावलेल्या जमिनींवरचे पीक कापून आणले. मध्यंतरी बाहेरून हितचिंतक आले, त्यांनी विकासाच्या योजना आणल्या, आणि चळवळच थंडावली. (हितचिंतकांचे असे उपकार इतिहासात पुष्कळ आढळतात.) ती पुन्हा पेटली ती गावोगावच्या 'तरुण मंडळां'मुळे. काल ज्याला सावकारापुढे मान वर करण्याची सोय नव्हती, तो पोरगा आता चारचौघांत बसून मजुरीच्या दराविषयी बोलू लागला. वेठबिगारी रद्द करणारा वटहुकूम ऑक्टोबर 1975 मध्ये निघाला, कायदा 1976 मध्ये झाला. परंतु तो सावकाराच्या ओट्यापर्यंत नेला या मंडळांनी.

हिप्पी सुबत्तेला कंटाळून घराबाहेर पडला होता. जंगलपट्टीतल्या या तरुणाला घर सोडायचे नव्हते. ते सावकाराच्या वहीतून सोडवायचे होते. त्याच्या बंडाला पोशाख नव्हता, गाणीबजावणीची प्रसिद्धी नव्हती, म्हणून शहरांच्या नजरेत ते भरले नाही, असे मला वाटते.

1979 साली काही अभ्यासकांनी भूमिसेनेचा वृत्तान्त इंग्रजीत प्रसिद्ध केला आणि तो देशोदेशी वाचला गेला. ज्यांचा तो वृत्तान्त, ती माणसे येथे कचेरीच्या पायरीवर जमिनीच्या दाव्याची तारीख विचारीत बसलेली असत.