‘अशोक पिलर’, जयनगर

लेखकाने केवळ बसथांबा म्हणून उल्लेखलेला हा चार सिंहांचा स्तंभ जयनगर वसाहतीच्या पायाभरणीची खूण आहे. १९४८मधल्या त्या समारंभाला चक्रवर्ती राजगोपालाचारी (१८७८–१९७२) आले होते. तेव्हा ते गव्हर्नर-जनरल होते, त्या पदावरचे एकमेव भारतीय. बंगळूर त्यांना परके नव्हतेच, ते इथल्या सेंट्रल कॉलेजचे विद्यार्थी. मराठी वाचकाला ते बहुधा गांधीजींचे व्याही म्हणून ठाऊक असतात : कन्या लक्ष्मी आणि देवदास गांधी यांचा आंतरजातीय विवाह १९३३ साली पुण्यात, पर्णकुटीत झाला, पौरोहित्य तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींचे. लेखक त्यांना सरसकट ‘काँग्रेसवाले’ म्हणतो, ते अर्धेच खरे. १९५९मध्ये नेहरूंच्या आर्थिक धोरणाविरुद्ध स्वतंत्र पक्ष काढणारेही हेच राजाजी. — संपा.