एडनचा कॅप्टन हेन्स

वासुदेव बळवंत फडके यांचा १७ फेब्रुवारी १८८३ रोजी एडनच्या तुरुंगात अंत झाला, हे पुण्यात शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. पण पुण्यात खटला चाललेला कैदी थेट अरबस्तानच्या टोकाला कसा गेला? या प्रश्नाचा माग काढताना मला इंडियन नेव्हीतील एका अधिकाऱ्यापर्यंत जावे लागले. त्याचे नाव स्टॅफर्ड बेट्सवर्थ हेन्स.

हेन्सचा जन्म १८०२ चा. कंपनीच्या ‘बॉम्बे मरीन’मध्ये तो कोवळ्या वयातच दाखल झाला. याच दलाचे पुढे १८३० मध्ये ‘इंडियन नेव्ही’ असे नामांतर झाले. ‘पॅलिन्युरस’ जहाजावरून त्याने दक्षिण अरबस्तानच्या किनाऱ्याची मोजणी केली. त्याच काळात मुंबईत बांधलेली आगबोट ‘ह्यू लिंडसे’ १८३० मध्ये सुएझला जाऊन आली. आगबोट म्हटली की कोळसा आला, आणि कोळशासाठी वाटेत हुकमी बंदर हवे. एडनचे बंदर हेन्सच्या डोळ्यांत भरले होते.

१८३७ मध्ये ब्रिटिश निशाणाचे ‘दर्या दौलत’ हे जहाज एडनजवळ फुटले व लुटले गेले. मुंबई सरकारने हेन्सला लाहेजच्या सुलतानाकडे धाडले. भरपाईच्या बोलण्यातून बंदराच्या हस्तांतराची बोलणी निघाली, पुढे ती फिसकटली. अखेर १९ जानेवारी १८३९ रोजी तोफा डागून एडन घेतले गेले. व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीत साम्राज्याला जोडलेला हा पहिला मुलूख. माझ्या मते लूट हे निमित्त होते. खरे कारण कोळसा.

पुढची १५ वर्षे हेन्स तिथला पोलिटिकल एजंट होता. सुलतानाचे हल्ले परतवणे, टोळ्यांना तनखे देणे, हेर बाळगणे, व्यापाऱ्यांना बोलावून वसवणे, हे सारे त्याच्या एकट्याच्या हातात. ओसाड झालेले गाव नांदते शहर झाले आणि १८५० मध्ये ते खुले बंदर ठरले. पण हाताखाली पुरेसे कारकून नव्हते आणि खजिन्याचा ताळमेळ कधी नीट लागला नाही. १८५४ मध्ये सुमारे २८ हजार पौंडांची तूट निघाली. मुंबईत खटले झाले, अपहाराच्या आरोपातून ज्यूरीने त्याला निर्दोष सोडले. तरीही सरकारने तुटीची रक्कम त्याच्या नावे कर्ज म्हणून काढली आणि त्याला कर्जदारांच्या तुरुंगात टाकले. सहा वर्षांनी, १८६० मध्ये, नवा गव्हर्नर जॉर्ज क्लार्क याने त्याची सुटका केली. त्यानंतर थोड्याच दिवसांत, मायदेशी निघण्यापूर्वी, मुंबई बंदरातच जहाजावर त्याचा मृत्यू झाला.

हेन्सला हुतात्मा ठरवण्याची गरज नाही. दुसऱ्याचे बंदर त्याने तोफेच्या बळावर घेतले. पण सरकारने त्या बंदराचा लाभ स्वतःकडे ठेवला आणि बेहिशेबाचे ओझे एकट्या हेन्सवर टाकले, हेही नोंदवले पाहिजे.

एडन १९३२ पर्यंत मुंबई सरकारच्या कारभाराखाली राहिले. म्हणूनच पुण्याच्या कैद्याला इलाख्याबाहेर न काढता समुद्रापार धाडणे मुंबई सरकारला शक्य झाले. त्याच सरकारच्या लष्करी हिशेब खात्यात फडक्यांनी पुण्यात कारकुनी केली होती. फडक्यांचे चरित्र वाचताना एडनच्या पानापाशी म्हणून थोडे थांबावे. त्या तुरुंगाचा इतिहास १८३९ पासून सुरू होतो.