हावडा पूल

हावडा पूल : हुगळी नदीवरील कोलकाता व हावडा ही शहरे जोडणारा पोलादी पूल. अधिकृत नाव रवींद्र सेतू. ३ फेब्रुवारी १९४३ रोजी तो वाहतुकीस खुला झाला. दोन मनोऱ्यांमधील गाळा ४५७ मी. (१,५०० फूट) असून नदीच्या पात्रात एकही खांब नाही. या पुलाची भव्यता सर्वांच्या डोळ्यांत भरते. परंतु त्याचे रूप शोभेच्या हौसेतून आलेले नाही. गाळाने भरलेली, भरती-ओहोटीची नदी आणि तिच्यावर जगणारे बंदर या दोहोंनी मिळून ते ठरवले.

पुलाची गरज रेल्वेने निर्माण केली. १८५४ मध्ये गाडी सुरू झाली ती हावड्यापासून, म्हणजे कोलकात्याच्या समोरच्या तीरावरून. स्थानकात उतरलेल्या माणसाला शहर गाठण्यासाठी नावेचाच आधार होता. सर ब्रॅडफर्ड लेस्ली यांनी आखलेला पहिला पूल १८७४ मध्ये सुरू झाला. तो तरंगता होता : ओळीने नांगरलेल्या तराफ्यांवर लाकडी रस्ता, लांबी १,५२८ फूट. त्याचे भाग इंग्लंडमध्ये तयार होऊन जहाजाने आले. काम चालू असतानाच मार्च १८७४ मधील वादळात ‘एजेरिया’ नावाची आगबोट नांगर तुटून त्यावर आदळली, तीन तराफे बुडाले आणि सुमारे २०० फुटांचा भाग निकामी झाला. तरीही हा तरंगता पूल जवळजवळ सात दशके टिकला, हे त्याच्या बांधणीचे यशच म्हटले पाहिजे. अडचण निराळीच होती. जहाजांना वाट देण्यासाठी मधला भाग बाजूला सारावा लागे आणि तेवढा वेळ दोन्ही तीरांवर गाड्या व माणसे खोळंबून राहत.

नव्या पुलाचा विचार विसाव्या शतकाच्या आरंभीच सुरू झाला, पण निर्णयाला तीस वर्षे लागली. सर राजेंद्रनाथ मुखर्जी यांच्या अध्यक्षतेखाली १९२१ मध्ये समिती बसली, १९२६ मध्ये नव्या पुलाचा कायदा झाला, १९३० मध्ये आणखी एक समिती आली. हा विलंब केवळ सरकारी दिरंगाईचा नव्हता. पात्रात खांब उभे केले, की प्रवाह अडतो, गाळ साचतो आणि जहाजांचा मार्ग उथळ होतो. बंदर मेले, तर पूल कोणासाठी, हा प्रश्न खरा होता. अखेर रेंडेल, पामर अँड ट्रिटन या इंग्लिश सल्लागार संस्थेचा, एकाच मोठ्या गाळ्याचा आराखडा पत्करला गेला. सर्वांत कमी रकमेची निविदा एका जर्मन कंपनीची होती. पण ब्रिटन व जर्मनी यांचे संबंध बिघडत चालल्याने ती नाकारण्यात आली. प्रत्यक्ष उभारणी ब्रेथवेट, बर्न अँड जेसप या भारतातील कंपनीने केली.

काम १९३६ मध्ये सुरू झाले. सर्वांत अवघड भाग पायाचा होता. मनोऱ्यांखाली प्रत्येकी सुमारे ५५ मी. लांब व २५ मी. रुंद अशी प्रचंड पेटी उतरवण्यात आली. तिच्यात २१ चौकोनी विहिरी होत्या. विहिरींतून चिखल उपसत जायचे आणि पेटी स्वतःच्या वजनाने खाली बसत जायची, अशी ही पद्धत. कोलकात्याकडील पेटी ३१ मी.हून अधिक, तर हावड्याकडील २६ मी.हून अधिक खोल गेली. उपशात जहाजांचे नांगर, तोफा, तोफगोळे, पितळी भांडी आणि ईस्ट इंडिया कंपनीच्या काळातील नाणी निघाली. एका रात्री खालची जमीन अचानक खचून सगळी पेटी दोन फूट खाली गेली; त्या हादऱ्याची नोंद खिदिरपूर येथील भूकंपमापकावर झाली.

वरची रचना समतोल कॅन्टिलिव्हर प्रकारची आहे. भिंतीबाहेर काढलेला सज्जा जसा मागील बांधकामाच्या वजनावर तरतो, तसेच तिचे तत्त्व आहे. दोन्ही तीरांवर ८५ मी. (२८० फूट) उंचीचे मनोरे असून प्रत्येकापासून १४३ मी. लांबीची बाही नदीवर पुढे येते, तर ९९ मी. लांबीची बाही तीराकडे जाऊन जमिनीत जखडलेली असते. पुढे आलेल्या दोन बाह्यांच्या टोकांमध्ये १७२ मी. लांबीचा मधला भाग टांगलेला आहे. रस्ता या सांगाड्यावर बसवलेला नसून पोलादी टांगण्यांच्या ३९ जोड्यांनी त्याखाली लटकवलेला आहे. रस्त्याची रुंदी ७१ फूट, दोन्ही बाजूंचे पदपथ प्रत्येकी १५ फूट. सांगाड्याचे सांधे नटबोल्टांनी नव्हे, तर रिव्हेट ठोकून पक्के केले आहेत. दोन्ही तीरांवरून क्रेन पुढे सरकत काम करीत गेल्या आणि नदीच्या मध्यावर दोन्ही भाग जोडताना प्रत्येकी ८०० टन क्षमतेचे १६ जॅक वापरण्यात आले. पूर्ण झाला तेव्हा कॅनडातील क्विबेक पूल व स्कॉटलंडमधील फोर्थ पूल यांच्यानंतर या प्रकारात जगात त्याचाच क्रमांक होता.

पोलाद सुमारे २६,५०० टन लागले. ते इंग्लंडहून यायचे होते. महायुद्धामुळे सुमारे ३,००० टनच येऊ शकले. उरलेले २३,००० टनांहून अधिक उच्च ताणबलाचे मिश्र पोलाद, ‘टिस्क्रोम’, जमशेदपूरच्या टाटा कारखान्याने पुरवले. या नोंदीत एकच गोष्ट ठळक करायची, तर ती ही. पुलाची कागदावरची मांडणी परदेशी असली, तरी त्याचा देह या भूमीतला आहे आणि भारतीय पोलाद उद्योगाची ती मोठी कसोटी होती. जपानी हवाई हल्ल्यांच्या भीतीमुळे उद्घाटनाचा समारंभ झालाच नाही. पुलावरून पहिली गेली ती एकटी ट्राम.

१४ जून १९६५ रोजी पुलाला रवींद्रनाथ टागोरांचे नाव देण्यात आले. भार कमी करण्यासाठी १९९३ मध्ये ट्राम बंद झाली. दक्षिणेकडील विद्यासागर सेतू १९९२ पासून आणि नदीखालून धावणारी मेट्रो २०२४ पासून वाहतुकीचा वाटा उचलत आहेत. तरीही पादचाऱ्यांची रीघ कमी झालेली नाही. मल्लिक घाटाचा फुलबाजार पुलाच्या पायथ्याशीच असल्याने डोक्यावर पाट्या घेतलेले हमाल पहाटेपासून ये-जा करतात.

देखभाल कोलकाता बंदराकडे आहे. पक्ष्यांच्या विष्ठेने पोलाद गंजते, म्हणून नियमित सफाई व रंगकाम करावे लागते. पादचाऱ्यांनी टाकलेल्या पान-गुटख्याच्या पिचकाऱ्यांनी टांगण्यांच्या बुंध्याची पोलादी आवरणे झिजून ६ मिमी.वरून ३ मिमी.पर्यंत आल्याचे आढळले. त्यानंतर तेथे धुता येण्याजोगी फायबर काचेची वेष्टने बसवण्यात आली.