दामदुपटीपासून हप्त्यापर्यंत: भुसावळ परिसरातील घरावरच्या कर्जाचा हिशेब

घर गहाण ठेवून पैसे उचलण्याचा व्यवहार खानदेशात जुना आहे. अजून उभेही न राहिलेले घर गहाण ठेवून त्याच पैशांत ते बांधण्याचा व्यवहार मात्र नवा, फार तर दोन पिढ्यांचा. दोन्हींत एक गोष्ट सारखी राहिली. कर्जदार व्याजाचा दर विचारतो, पण त्याला पडणारी खरी किंमत ठरते ती व्याज मुद्दलात केव्हा मिसळते, फेड किती वर्षे लांबते आणि हिशेबाची वही कोणाच्या हातात असते, यावर.

एकोणिसाव्या शतकातल्या सावकाराला खेड्यातल्या घराचे फारसे अप्रूप नव्हते. तापीकाठच्या काळ्या मातीच्या भिंती, वर लाकडी सऱ्यांवर थापलेले मातीचे धाबे, दर पावसाळ्याआधी त्यावर नवी माती टाकण्याचे काम. असे घर दहा वर्षे बंद राहिले तर त्याची माती होणार. म्हणून पहिली पसंती दागिन्यांना, मग जमिनीला, आणि घर बहुधा जमिनीच्या जोडीने कागदावर चढे. कागदाचे प्रकार तीन. नजर गहाणात घर मालकाच्या ताब्यात राही आणि व्याज वेगळे चाले. ताबे गहाणात सावकार कब्जा घेई आणि भाडे किंवा पीक हेच व्याज धरी. मुदत खरेदीत कागदावर थेट विक्री लिहिली जाई आणि ठरलेल्या मुदतीत पैसे परत केले तर मालमत्ता परत मिळेल, अशी अट असे. तिसरा प्रकार सगळ्यांत महाग, कारण एक मुदत चुकली की पाचशेच्या मालमत्तेवर दोनशेचे कर्ज देणारा पाचशेचा मालक होई. व्याजाचा आकडा त्या कागदावर कुठेही नसे.

दर सांगायचा तो दर महा दर शेकडा. ‘दोन रुपये शेकडा’ म्हणजे वर्षाला २४ टक्के. कर्ज हातात पडण्याआधीच सावकार ‘मनोती’ कापून घेई, म्हणजे शंभराचे खत लिहून द्यायचे आणि हातात शंभराहून कमी घ्यायचे. पुढे बँकेने कर्ज देताना प्रक्रिया शुल्क वळते करून घेतले, तेव्हा ही जुनीच चाल नव्या नावाने परतली, असे एखाद्या जुन्या खातेदाराला वाटले तर ते अगदीच चूक नव्हे. मनोतीच्या मानाने शुल्क किरकोळ, एवढाच फरक.

या सगळ्याला एक जुना लगाम होता, दामदुपटीचा. धर्मशास्त्रातला हा नियम मनुस्मृतीइतका जुना आहे: एका वेळी वसूल होणारे व्याज मुद्दलाहून जास्त असता कामा नये. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी इंग्रजी अमलातही हिंदू कर्जदारांना तो लागू केला. पण नियमातले ‘एका वेळी’ हे शब्द महत्त्वाचे. अधूनमधून भरलेले व्याज त्यात मोजले जात नसे. शिवाय खत पालटले, म्हणजे थकलेले व्याज मुद्दलात घालून नवा कागद केला, की नवे मुद्दल आणि नवी मर्यादा.

खत पालटण्याला सरकारी कायद्यानेच जोर दिला. १८५९च्या मुदतीच्या कायद्याने कर्जवसुलीच्या दाव्याला तीन वर्षांची मर्यादा घातली. हेतू कर्जदाराला वाचवण्याचा. परिणाम असा की सावकार दर तीन वर्षांनी नवे खत मागू लागला. शंभर रुपये दोन रुपये शेकड्याने घेतले तर तीन वर्षांनी १७२ होतात. १७२चे नवे खत केले की आणखी तीन वर्षांनी २९६, आणि तिसऱ्या पालटानंतर ५०९. नऊ वर्षांत शंभराचे पाचशे झाले, आणि एकाही कागदावर दामदूपट ओलांडली गेली नाही. खत पालटले नसते तर दामदुपटीने तोच आकडा २००वर थांबला असता. पीककर्जाचे ‘नवं-जुनं’ करणे हा खानदेशातला आजचा शब्द याच रिवाजाचा वारस आहे.

खानदेश १८१८मध्ये इंग्रजांकडे आला. १८६१ ते १८६५च्या अमेरिकी यादवीत कापसाचे भाव चढले आणि कापूस पिकवणाऱ्या खानदेशची पत वाढली. युद्ध संपले, भाव कोसळले, पण चढ्या भावात काढलेले कर्ज तसेच राहिले. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावात शेतकऱ्यांनी सावकारांची खते जाळली आणि दंगल पुणे-नगर भागात पसरली. जाळण्यासाठी त्यांनी प्रामुख्याने कागद निवडले, यातच दुखणे कुठे होते ते दिसते. चौकशी होऊन १८७९चा दख्खन शेतकरी मदत कायदा आला. सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरता होता. खानदेशापर्यंत तो नंतर पोहोचला. त्यातली खरी नवी गोष्ट म्हणजे न्यायाधीशाला शेवटच्या खताच्या मागे जाऊन पहिल्या व्यवहारापासूनचा हिशेब उकरण्याचा अधिकार. १८८२च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने गहाणाचे प्रकार पक्के केले आणि पैसे फेडून मालमत्ता सोडवण्याचा मालकाचा हक्क लेखी आणला. १९२९च्या दुरुस्तीने मुदत खरेदीतली परतीची अट त्याच दस्तात असली तरच ते गहाण मानायचे ठरवले. धूर्त सावकार ती अट वेगळ्या चिठ्ठीवर लिहू लागले असतील, हे वेगळे सांगायला नको.

त्याच सुमारास पूर्व खानदेशात एक प्रयोग झाला. मुंबई इलाख्यातल्या पहिल्या तीन भूतारण बँका निघाल्या त्या भडोच, धारवाड आणि पाचोरा इथे. पाचोरा भुसावळपासून रेल्वेने तास-दीड तासावर. जमीन तारण, लांब मुदत, कमी व्याज आणि ठरलेल्या हप्त्यांनी फेड हे या बँकेचे सूत्र, आणि पहिला उद्देश सावकाराचे जुने देणे मिटवण्याचा. १९३५मध्ये त्यांच्यावर प्रांतिक भूतारण बँक उभी राहिली. पुढे याच व्यवस्थेला लोक भूविकास बँक म्हणू लागले. ती थकबाकीत बुडाली. घरासाठी या बँकेचा उपयोग नव्हता, पण लांब मुदतीचे कर्ज वर्षानुवर्षे थोडे थोडे फेडायचे असते ही कल्पना खानदेशात रुजली ती याच वाटेने.

भुसावळ शहराची गोष्ट निराळी. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मार्ग १८६०च्या दशकात इथे आला, १८६७मध्ये नागपूरला आणि १८७०मध्ये जबलपूरमार्गे कलकत्त्याच्या मार्गाला जोडला गेला, आणि लहानशा गावाचे जंक्शन झाले. या शहराच्या मोठ्या वर्गाला घराची चिंता नोकरीभर नव्हती, कारण क्वार्टर रेल्वेचे. चिंता उभी राही निवृत्तीच्या दिवशी. क्वार्टर रिकामे करायचे, आणि हातात भविष्य निर्वाह निधीची रक्कम. तीस वर्षे पगारातून कापून ठेवलेल्या त्या पैशांतून प्लॉट आणि दोन खोल्या, असा अनेकांचा क्रम. हे घर कर्जाविना होई, म्हणजे व्याज शून्य. पण त्याची किंमत म्हणून तरुणपणातली तीस वर्षे परक्या भिंतींत जात. कर्ज घ्यावे की साठवून बांधावे हा वाद भुसावळात कागदावर नाही, प्रत्यक्षात मांडला गेलेला आहे.

केंद्र सरकारी नोकरांसाठी १९५६पासून घरबांधणी अग्रिमाची सोय झाली. रेल्वे आणि आयुध निर्माणीच्या गावात तिचे महत्त्व मोठे, आणि तिची हिशेबपद्धत बारकाईने पाहण्यासारखी आहे. व्याज सरळ, आणि आधी जास्तीत जास्त १८० हप्त्यांत मुद्दल वसूल करायचे, मग व्याज जास्तीत जास्त ६० हप्त्यांत. म्हणजे पहिल्या दिवसापासून प्रत्येक रुपया मुद्दल घटवतो. समजा २० लाख रुपये, दर ९ टक्के. पहिली १५ वर्षे महिन्याला ११,१११ रुपये जातील, नंतरची पाच वर्षे साधारण २२,६००. व्याज होते सुमारे साडेतेरा लाख. तेच २० लाख, तोच ९ टक्के दर, तीच २० वर्षे, पण बँकेच्या समान मासिक हप्त्याने घेतले तर हप्ता १७,९९५ रुपये आणि व्याज २३ लाखांवर. दर एकच असताना साडेनऊ लाखांहून थोडा जास्त फरक पडतो, तो केवळ आधी काय वळते करायचे या क्रमामुळे.

बँकेचा क्रम उलटा असतो. हप्त्यातून आधी त्या महिन्याचे व्याज, उरले तर मुद्दल. वरच्या उदाहरणात पहिल्या हप्त्यातले १५,००० व्याजाचे आणि २,९९५ मुद्दलाचे. अर्धे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात. उरलेले अर्धे सहा वर्षांत. यात फसवणूक नाही, गणितच तसे आहे. मुदत वाढवली की हप्ता थोडा उतरतो आणि व्याज पुष्कळ चढते. लाखाला ९ टक्क्यांनी १५ वर्षांत १.८३ लाख भरावे लागतात, २० वर्षांत २.१६ लाख, ३० वर्षांत २.९० लाख. वीसचे तीस केल्याने हप्ता लाखामागे अवघा ९५ रुपयांनी कमी होतो.

घरासाठी कर्ज देणाऱ्या संस्था महाराष्ट्रात तशा उशिरा आल्या. मुंबईत गावदेवीला १९१५मध्ये सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था उभी राहिली, पण सामान्य पगारदाराला सहज कर्ज देणारी एचडीएफसी १९७७मध्ये निघाली, राष्ट्रीय आवास बँक १९८८मध्ये, एलआयसी हाउसिंग फायनान्स १९८९मध्ये. भुसावळसारख्या गावात प्लॉट पाडून बंगले आणि नंतर फ्लॅट उभे राहू लागले, त्यामागे हा पैसा होता. त्या काळात वार्षिक शेषावर व्याज आकारण्याची पद्धत रूढ होती: वर्षभर भरलेल्या हप्त्यांचे मुद्दल वर्ष संपल्यावरच घटवायचे. १२ टक्के आणि १५ वर्षे धरली तर मासिक शेषाच्या तुलनेत लाखामागे सुमारे ४,२०० रुपये जास्त जात. सपाट दराचा प्रकार याहून जड. ‘१० टक्के सपाट’ म्हणजे दहा वर्षे पूर्ण मूळ रकमेवर व्याज, मुद्दल फिटत असले तरी. खरा दर पडतो जवळजवळ १६ टक्के.

दामदूपट या सगळ्याला लागू होते का? १९४६च्या मुंबई सावकारी कायद्याने व्याजाची डिक्री मुद्दलापुरतीच ठेवली आणि २०१४च्या महाराष्ट्र सावकारी कायद्यानेही लगाम कायम ठेवला. बेकायदा सावकारीत गेलेली स्थावर मालमत्ता १५ वर्षांच्या आतली असेल तर ती परत मिळवून देण्याची सोयही त्यात आहे. पण बँका या कायद्यांच्या बाहेर आहेत. बँकिंग नियमन कायद्यात १९८४मध्ये घातलेल्या कलम २१-अनुसार, व्याज जास्त आहे एवढ्या कारणावरून न्यायालय बँकेचा हिशेब पुन्हा उघडू शकत नाही. १८७९मध्ये न्यायाधीशाला दिलेला अधिकार बँकेच्या बाबतीत असा मागे घेतला गेला. अर्थात दरमहा व्याज भरणाऱ्यावर जुनी दामदूपटही लागू झाली नसतीच.

खतपालटाचा नवा अवतार बदलत्या दराच्या कर्जात दिसतो. ऑक्टोबर २०१९पासून बँकांची अशी नवी गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधली गेली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलेल्या २० लाखांचा हप्ता १५,५०६. वर्षभर हप्ते भरून १९.५२ लाख उरले असताना दर साडेनऊ झाला, तर महिन्याचे व्याजच १५,४५७. मुद्दलात पडतात जेमतेम ५० रुपये. हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली जाते, खातेदाराच्या खिशाला तत्काळ काही जाणवत नाही, आणि कर्ज निवृत्तीच्या पलीकडे सरकते. ऑगस्ट २०२३मध्ये रिझर्व्ह बँकेने दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे खातेदाराला निवडू देण्यास सांगितले. बदलत्या दराचे गृहकर्ज मुदतीआधी फेडल्यास होणारा दंड बँकांपुरता २०१२मध्येच बंद झाला होता. सुरुवातीच्या वर्षांत भरलेल्या जादा रकमेचे वजन मोठे, कारण ती सरळ मुद्दलातून जाते.

उलट बाजूही मोजायला हवी. पंधरा वर्षांनी पगार वाढलेला असतो आणि १७,९९५चा हप्ता हलका वाटतो. घरभाडे वाचलेले असते. महागाई कर्जदाराच्या बाजूने काम करते, पण पगार वाढत राहिला तरच.

हप्ते थकले तर २००२च्या सरफेसी कायद्याने बँक न्यायालयात न जाता ताबा घेऊ शकते: आधी ६० दिवसांची मागणी नोटीस, मग ताबा. मराठी दैनिकांच्या आतल्या पानांवर बारीक अक्षरांत छापलेल्या ताबा नोटिसांत चतुःसीमेसह घरे दिसतात, त्या याच कायद्याखालच्या.

कर्ज फिटल्यावरचे काम जुन्या काळी सोपे होते: सावकाराने खत फाडायचे. न फाडलेल्या खतावर दुसऱ्या पिढीत दावे झाले. आता मूळ दस्त बँकेच्या तिजोरीत असतात. डिसेंबर २०२३पासून ते ३० दिवसांत परत करणे बंधनकारक आहे. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. तरीही सातबाऱ्याच्या इतर हक्कांत किंवा सिटी सर्व्हेच्या उताऱ्यावर बँकेचा बोजा तसाच राहतो. बँकेचा दाखला घेऊन अर्ज करावा लागतो, फेरफार मंजूर व्हावा लागतो, आणि मग त्या नोंदीला कंस पडतो.