बोनार, पिएर ए मार्त

फ्रेंच चरित्रपट (२०२३). दिग्दर्शक मार्तँ प्रोव्हो. चित्रकार पिएर बोनार (१८६७–१९४७) आणि त्याची जन्माची सोबतीण मार्त यांच्या जवळजवळ पन्नास वर्षांच्या सहवासावर बेतलेला. मार्तच्या भूमिकेत सेसिल द फ्रान्स, बोनारच्या भूमिकेत व्हँसाँ माकेन्य. मे २०२३ मध्ये कान महोत्सवात पहिला खेळ झाला.

दोघांची भेट १८९३ ची, पॅरिसमधली. कृत्रिम फुलांच्या दुकानात कामाला असलेल्या त्या मुलीने आपले नाव मार्त द मेलिन्यी आणि वय सोळा सांगितले. खरे तर ती मारिया बूर्सँ, चोवीस वर्षांची. लग्न झाले थेट १९२५ मध्ये, आणि तिचे खरे नाव बोनारला तेव्हाच कळले, असे सांगतात. असे कथानक कल्पनेने रचले असते, तर प्रेक्षकांनी त्यावर विश्वास ठेवला नसता.

मार्तला आजारपणामुळे तासन्‌तास पाण्यात बसण्याची सवय जडली होती. त्यातूनच बोनारची न्हाणीघरातील प्रसिद्ध चित्रे आली. ती सत्तरीला टेकली, तरी चित्रांत तिचे अंग तरुणच राहिले.

बोनारच्या चरित्रांत मार्त बहुधा दिसते ती संशयी, चिडचिडी, नवऱ्याला मित्रांपासून तोडणारी बाई म्हणून. प्रोव्होने ही बाजू उलटवली आहे. त्याची मार्त हट्टी आहे, हसरी आहे आणि स्वतः चित्रे काढते. हे काल्पनिक नव्हे: ‘मार्त सोलांज’ या नावाने तिच्या पेस्टल चित्रांचे प्रदर्शन १९२४ मध्ये पॅरिसच्या द्रुए दालनात भरले होते. आधीच्या ‘सेराफीन’मध्येही (२००८) प्रोव्होने मोलकरीण असलेल्या एका चित्रकर्तीला असाच न्याय दिला, त्या चित्रपटाला सात सेझार पुरस्कार मिळाले.

रने मोंशाती (स्टेसी मार्टिन) ही बोनारची तरुण प्रेयसी. बोनार आणि मार्तच्या लग्नानंतर थोड्याच दिवसांत रनेने आत्महत्या केली. ‘बागेतील तरुणी’ या चित्रात बोनारने रनेला मधोमध बसवले आणि मार्तला कोपऱ्यात सारले. या त्रिकोणाचे इतके नेमके वर्णन कोणत्याही संवादाला जमलेले नाही.

मार्त १९४२ मध्ये ल कानेला वारली. मालमत्तेची वाटणी टाळण्यासाठी बोनारने तिच्या नावाचे बनावट मृत्युपत्र तयार केले. त्याच्या मृत्यूनंतर मार्तच्या नातलगांनी चित्रांवर हक्क सांगितला आणि तो वाद न्यायालयात अनेक वर्षे चालला.