वंशावळीची किल्ली : कीलाकार लिपीचे वाचन आणि वाशीमचा ताम्रपट

मूर्तिजापूरहून दक्षिणेस निघालेला रस्ता कारंजा व मंगरूळपीर या गावांवरून वाशीमला पोहोचतो. वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. ही स्वतंत्र शाखा १९३९ पर्यंत इतिहासकारांना ज्ञात नव्हती. त्या वर्षी वाशीम येथे विन्ध्यशक्ती (द्वितीय) याचा ताम्रपट उजेडात आला आणि वऱ्हाडच्या इतिहासातील एक मोठी उणीव भरून निघाली. विशेष हे की, याच शाखेची वंशावळ सांगणारा एक लेख विद्वानांच्या डोळ्यांसमोर कित्येक दशके होता. अक्षरे परिचित, भाषा परिचित, तरीही लेखाचा अर्थ निसटला होता. असे का घडले, याचे उत्तर शोधताना पश्चिम आशियातील कीलाकार लिपीच्या वाचनाचा इतिहास मार्गदर्शक ठरतो. कारण तेथेही वाचनाचे मुख्य साधन राजांची वंशावळ हेच होते.

कीलाकार किंवा क्यूनिफॉर्म लिपीचा उगम हिशेबात आहे. दक्षिण मेसोपोटेमियातील उरुक या नगरात इ. स. पू. ३३०० च्या सुमारास धान्य, मेंढ्या, मद्य व मजूर यांच्या नोंदी ओल्या मातीच्या पाट्यांवर होऊ लागल्या. आरंभीची चिन्हे वस्तूंची चित्रे होती. पुढे बोरूचे टोक मातीत दाबून खुणा उमटविण्याची पद्धत रूढ झाली आणि चित्रांच्या जागी खिळ्यांच्या आकाराचे ठसे आले. लिपीतील खरी क्रांती मात्र आकाराची नसून ध्वनीची होय. सुमेरी भाषेत ‘ती’ या शब्दाचे ‘बाण’ आणि ‘जीवन’ असे दोन अर्थ होत असल्याने बाणाच्या चिन्हाने जीवन हा अमूर्त अर्थ लिहिता आला. या युक्तीमुळे लिपी बोलीला जोडली गेली व पुढे अक्कडी, एलामी, हित्ती अशा परस्परांहून भिन्न भाषांनी तिचा स्वीकार केला. इ. स. च्या पहिल्या शतकात ज्योतिषविषयक काही पाट्या लिहिल्या गेल्या. त्यानंतर ती वाचणारा कोणी उरला नाही.

तिच्या पुनर्वाचनाच्या वाटेवर मुंबईचाही एक टप्पा आहे. डेन्मार्कच्या राजाने पाठविलेल्या मोहिमेतील कार्स्टेन नीबूर १७६३ मध्ये मुंबईस आला. येथील वास्तव्यात त्याने घारापुरीच्या लेण्यांची मोजमापे व चित्रे केली. मोहिमेतील उरलेला एकमेव सहकारीही मुंबईतच वारल्यावर तो एकटाच इराणमार्गे परतीस निघाला आणि १७६५ मध्ये पर्सेपोलिस येथील कोरीव लेखांच्या काळजीपूर्वक नकला त्याने करून घेतल्या. या लेखांत तीन वेगवेगळ्या लिपिपद्धती असून त्यांपैकी एक अगदी थोड्या चिन्हांची आहे, हे त्याने ओळखले.

या नकलांच्या आधारे १८०२ मध्ये ग्योटिंगेन येथील शिक्षक ग्रोटेफेंड याने पहिले यश मिळविले. प्राचीन इराणी भाषा त्याला येत नव्हती. मात्र नंतरच्या ससानी राजांच्या लेखांत ‘अमुक, थोर राजा, राजांचा राजा, अमुकाचा पुत्र’ असा साचा आढळतो, हे त्यास ठाऊक होते. पर्सेपोलिसच्या लेखांत हाच साचा असावा असे गृहीत धरून त्याने दोन लेख शेजारी ठेवले. एका लेखातील राजाचे नाव दुसऱ्यात पित्याच्या जागी येत होते. परंतु त्या पहिल्या राजाच्या पित्याच्या नावापुढे ‘राजा’ हा शब्द नव्हता. स्वतः राजा नसलेल्या पित्याचा पुत्र आणि राजाचा पिता, असा पुरुष ग्रीक इतिहासावरून दारयवहु हाच ठरतो. कुरुष व कंबुजीय ही जोडी त्याने नाकारली, कारण ती दोन्ही नावे एकाच वर्णाने सुरू होतात आणि लेखातील आद्य चिन्हे भिन्न होती. येथे अनुमानाबरोबर त्याची कसोटीही होती, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

पुढील कार्य हेन्री रॉलिन्सन याने केले. कंपनीच्या मुंबई सैन्यात १८२७ मध्ये दाखल झालेल्या या अधिकाऱ्याने १८३५ पासून बेहिस्तून येथील कड्यावरील दारयवहुच्या त्रैभाषिक लेखाची नक्कल घेतली. प्राचीन फारसीचे संस्कृत व अवेस्ता यांच्याशी असलेले नाते या वाचनास साह्यभूत झाले. त्यानंतर अक्कडी भाग उलगडू लागला. परंतु एकेका चिन्हाचे अनेक उच्चार होतात हे पाहून लोक साशंक झाले. म्हणून १८५७ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीने रॉलिन्सन, हिंक्स, टॅल्बट व ओपर्ट या चौघांनी केलेली एकाच लेखाची स्वतंत्र भाषांतरे मोहोरबंद स्थितीत मागविली. ती मुख्यतः जुळली, तेव्हाच वाचन सिद्ध झाले असे मानण्यात आले.

आता वऱ्हाडकडे वळावे. अजिंठा येथील सोळाव्या लेण्यात वाकाटक नृपती हरिषेण याचा सचिव वराहदेव याचा संस्कृत लेख आहे. त्यात वाकाटकांची वंशावळ दिलेली असून अनेक अक्षरे झिजलेली आहेत. डॉ. भाऊ दाजी लाड व त्यानंतर ब्यूलर यांनी तो प्रसिद्ध केला. त्या काळी वाकाटकांची एकच शाखा ठाऊक होती. साहजिकच पुसट नावे तिच्या परिचित राजांची म्हणून वाचली गेली. कुंतलाधिपतीस जिंकणाऱ्या राजाचे नाव ‘पृथिवीषेण’ असे लागले आणि तो विजय मुख्य शाखेच्या पहिल्या पृथिवीषेणाच्या नावे इतिहासग्रंथांत नोंदला गेला.

वाशीमच्या ताम्रपटाने हे चित्र पालटले. वत्सगुल्माहून सदतिसाव्या राज्यवर्षी दिलेल्या या दानपत्रातील वंशावळ संस्कृतात व उर्वरित मजकूर बहुतांशी प्राकृतात आहे. त्यात विन्ध्यशक्ती हा सर्वसेनाचा पुत्र व पहिल्या प्रवरसेनाचा पौत्र असल्याचे सांगितले आहे. या पुराव्याच्या प्रकाशात महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी अजिंठ्याचा लेख पुन्हा तपासला. तेव्हा तेथेही सर्वसेनाचे नाव असल्याचे आणि ‘पृथिवीषेण’ हे वस्तुतः ‘विन्ध्यसेन’ असल्याचे दिसून आले. कुंतलविजय वत्सगुल्माच्या राजाकडे आला. आनंदवर्धनाने उल्लेखिलेल्या ‘हरिविजय’ या प्राकृत काव्याचा कर्ता सर्वसेन यासही इतिहासात स्थान मिळाले.

ग्रोटेफेंडचे यश आणि अजिंठ्याचे अपवाचन यांचे मूळ एकच आहे. वाचक अपेक्षा घेऊन लेखापुढे जातो. अपेक्षेवाचून अज्ञात लिपी उघडत नाही, आणि तीच अपेक्षा ज्ञात लिपीतील झिजलेल्या अक्षरांवर परिचित नाव लादते. फरक पडतो तो कसोटीमुळे. ग्रोटेफेंडने नाकारण्याजोगे पर्याय पुढे ठेवले. १८५७ मध्ये चौघांना परस्परांपासून दूर ठेवण्यात आले. अजिंठ्याच्या बाबतीत ती कसोटी वाशीमच्या ताम्रपटाने पुरविली. ब्यूलरसारख्या श्रेष्ठ पंडिताच्या विद्वत्तेत उणेपणा नव्हता. उणीव होती ती दुसऱ्या स्वतंत्र पुराव्याची.

म्हणूनच एखाद्या वऱ्हाडी गावात सापडलेल्या ताम्रपटाचे मूल्य त्यातील मजकुरापुरते मर्यादित राहत नाही. तो पूर्वी वाचलेल्या लेखांचा साक्षीदार असतो. असा पट वितळला किंवा त्याच्या सापडण्याच्या ठिकाणाची नोंद राहिली नाही, तर एका दानाची माहिती नष्ट होते आणि तिच्याबरोबर जुनी चूक दुरुस्त होण्याची संधीही जाते. प्रकाशित वाचन हाती घेताना त्यातील कोणती अक्षरे प्रत्यक्ष दिसतात आणि कोणती संपादकाने पूरित केली आहेत, हे ठशावरून स्वतः पाहणे हे अभ्यासकाचे पहिले कर्तव्य होय.